कुणाची जेली जमली

हात प्लास्टरमध्ये गेल्यापासून आईला जरा जास्तच ऐकू येतं, असं बारक्या म्हणायचा, आणि त्यात तथ्य होतं. टेलिफोन एक्सचेंजमध्ये अख्खी नोकरी काढलेली बाई ती. दोघांच्या बोलण्यात स्वतःचा श्वासही ऐकू न देता कसं थांबायचं, हे तिच्या अंगात मुरलं होतं. निवृत्त होऊन कैक वर्षं झाली, तरी घरात कुणी फोनवर हळू आवाजात बोलायला लागलं की स्वयंपाकघरातला नळ आपोआप बंद व्हायचा.

त्यामुळे मागच्या रविवारी जिन्यात उभी राहून ताई फोनवर दादाशी जे बोलली, ते आईनं सगळं ऐकलं.

"तुझ्याकडे लिफ्ट आहे," ताई म्हणत होती. "माझ्याकडे तीन जिने, आणि माझ्या ड्यूट्या या अशा." दादा काय म्हणाला ते ऐकू आलं नाही, पण ताईच्या उत्तरांवरून जुळवणं अवघड नव्हतं. "वहिनींना काय त्रास आहे त्यात?... मग बारक्याला सांग. हो, एकच खोली आहे, माहितीय मला. आणि कुत्रं काय माणसाला खातं?... अरे, मी म्हटलंय तिला, माझ्याकडे चल. तूही म्हण. ती काय लगेच निघतेय थोडीच."

आईनं नळ पुन्हा सोडला आणि एका हातानं कप विसळत स्वतःशी हसली. हसली हे खरं. पण तो एकच कप ती बराच वेळ विसळत राहिली.

मागच्या अंगणात, तुतीच्या झाडाखाली ओल्या पाल्यावरून पाय घसरून ती पडली, तेव्हापासून हे चाललं होतं. मनगट मोडलं, ते जुळेल असं डॉक्टर म्हणाले. पण तिन्ही मुलांनी त्याच आठवड्यात आळीपाळीनं येऊन सांगितलं की आता एकटीनं राहायचं नाही, आमच्याकडे चल. तोंडावर तिघंही 'आमच्याकडे' म्हणत होती. पाठीमागे तिघंही 'तुझ्याकडे' म्हणत होती. एक्सचेंजमध्ये असताना आईनं अशी कितीतरी कुटुंबं फोनवर जोडून दिली आणि ऐकली होती. आपलं त्यातलंच निघेल असं तिला वाटलं नव्हतं, एवढंच.

झाडाला मात्र कुणाच्या मनगटाचं काही नव्हतं. ते यंदाही लगडलं. फरशीवर जांभळे डाग पडायला लागले तसा आईनं तिघांनाही फोन केला. "रविवारी या. जेली करायचीय. माझा हात असा, तेव्हा तुम्हीच करायची."

तिघं आली. दादाबरोबर वहिनी आली. चहा झाला. चष्म्याच्या दुकानात गिऱ्हाइकासमोर बसतो तसा दादा ताठ बसला होता. हॉस्पिटलात रात्रपाळी करून आलेली ताई भिंतीला टेकून डोळे मिटून बसली होती. बारक्या, ज्याला लहानपणी पडलेलं हे नाव आता दारातून आत येतानाच खोटं ठरायचं, बशीतली बिस्किटं संपवत होता. तो लोकांना गाडी चालवायला शिकवायचा, आणि खुर्चीत बसला तरी त्याचा उजवा पाय अधूनमधून नसलेल्या ब्रेकवर दाबला जायचा.

"तुम्ही तिघंही मला न्यायला टपलायत," आई म्हणाली. "एकाकडे गेले तर दुसऱ्याला वाईट वाटणार. म्हणून मी ठरवलंय. तिघांनी आपापल्या तुती वेचायच्या, आपापली जेली करायची. ज्याची जेली सगळ्यात चांगली जमेल, त्याच्याकडे मी संध्याकाळी जाणार. कायमची. बॅग भरून ठेवलीय."

बॅग खरंच दाराशी होती.

बारक्याचा पाय खाड्कन ब्रेकवर गेला. ताईनं डोळे उघडले.

"असं काय गं आई," दादा म्हणाला, "हा काय ठरवायचा प्रकार झाला?"

"का? तुला नको आहे का मी यायला?"

"छे, छे. तसं नाही."

"मग झालं तर." आईनं कृती सांगितली. तुती धुवायच्या, बुडतील न बुडतील इतक्या पाण्यात मऊ शिजवायच्या, मग फडक्यात बांधून टांगायच्या. रस आपोआप गळू द्यायचा. फडकं पिळायचं नाही, पिळलं की रस गढूळ होतो. मग साखर, लिंबू, आणि मोठ्या आचेवर उकळी. गार बशीवर थेंब टाकायचा, बोटानं ढकलायचा. थेंबाला सुरकुती पडली तर जमली, पळाला तर नाही. भरलेल्या बरण्या पुन्हा पाण्यात उकळायच्या, म्हणजे वर्षभर टिकतात.

एक गोष्ट तिनं सांगितली नाही. ती मुद्दाम सांगितली नाही.

*

दादा आयुष्यात ठरवून कधी नापास झाला नव्हता. त्यामुळे टोपली हातात घेऊन झाडाखाली उभं राहिल्यावर सुरुवात कुठून करावी हे त्याला कळेना. वहिनी टोपलीत काय पडतंय ते पाहत शेजारी उभी होती. बँकेत सही जुळते का ते ती याच नजरेनं पाहत असे.

"काळ्या नका घेऊ," ती हळूच म्हणाली. "त्या पिकलेल्या आहेत. त्या लाल घ्या. कच्च्या. त्या आंबटढाण असतात, त्यांची काय डोंबलाची जेली होणार?"

"अगं, पण आई बघतेय खिडकीतून."

"बघू देत. तुम्हाला तुतीतलं काही कळत नाही, हे त्यांना माहितीच आहे."

हे खरं होतं, आणि म्हणूनच ते दादाला लागलं. पण त्यानं लाल तुती तोडायला सुरुवात केली. वहिनी वाईट नव्हती. तिच्या स्वतःच्या आईची सहा वर्षं अंथरुणावरची सेवा तिनं त्याच फ्लॅटमध्ये केली होती, आणि ती गेल्यावर लहान खोलीत कपाटं लावून दार लोटून घेतलं होतं. ते दार पुन्हा उघडायचं तिच्या जिवावर आलं होतं. हे दादाला ठाऊक होतं. ते त्यानं ताईला सांगितलं नव्हतं. ताईनं विचारलं तेव्हा 'जमणार नाही' एवढंच म्हणाला होता, आणि ताईच्या दृष्टीनं त्याचा अर्थ वहिनीला सासू नको, एवढाच झाला होता.

खिडकीत आई उभी होती. दादाच्या टोपलीकडे पाहून तिनं पदरानं तोंड पुसलं आणि ती आत गेली.

*

ताईची अडचण वेगळी होती. तिला वाईट काम करताच येत नव्हतं. हात आपणहून नीटच करायचे. तिनं काळ्याभोर, टपोऱ्या, तोंडात विरघळतील अशा तुती वेचल्या, स्वच्छ धुतल्या, बेताच्या पाण्यात शिजवल्या, आणि स्टूल उलटं करून त्याच्या चार पायांना फडक्याची चार टोकं अशी बांधली की वॉर्डातल्या मोठ्या सिस्टरनंही नावं ठेवली नसती. खाली पातेल्यात थेंब टपटपायला लागले तेव्हा तिच्या लक्षात आलं, हे असंच चालू राहिलं तर आपण जिंकणार.

तिला आई नको होती असं नाही. पण रात्रपाळीहून आल्यावर दाराला कडी लावून कुणाशी एक शब्दही न बोलता झोपायचं, हे सुख तिनं फार उशिरा मिळवलं होतं. आई घरात असताना कडी लावली तरी आईचे कान कडीच्या आत असत.

लिंबू घालायचं नाही, असं तिनं ठरवलं. मग दाखवण्यापुरता लिंबाचा रस वाटीत काढून तो ओतून द्यायला ती कोपऱ्यातल्या बेसिनपाशी गेली, आणि तिथं तिला मागच्या ओट्यावर बारक्या दिसला.

बारक्या दोन्ही हातांनी फडकं पिळत होता. नुसतं पिळत नव्हता, धुणं पिळतात तसा पीळ घालून त्यावर वाकला होता. कोपरापर्यंत जांभळा झाला होता. पातेल्यात चिखलासारखा रस पडत होता.

"आई काय म्हणाली होती?" ताईनं विचारलं.

बारक्यानं वळून तिच्या हातातली वाटी पाहिली, मग बेसिन पाहिलं. "तुझ्या हातात काय आहे?"

 मग ताई खाली बसली आणि पदर तोंडात कोंबून हसायला लागली. बारक्याही हसायला लागला, पण आवाज न करता, त्यामुळे त्याचं सगळं अंग हलत होतं.

"मला आवडेल गं ती," हसणं ओसरल्यावर बारक्या म्हणाला. "खरंच आवडेल. पण एका खोलीत मी, ती आणि कुत्रं? कुत्रं ऐकेल तिचं. मग माझं कोण ऐकणार?"

"दादाकडेच जायला हवं तिनं. लिफ्ट आहे."

"दादाची काय जेली जमतेय. त्यानं सगळ्या कच्च्या तुती तोडल्यात. मी बघितलं."

"मुद्दाम?"

"वहिनी शेजारी उभ्या होत्या. मग काय, चुकून?"

ताईच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं. आपण केलं ते चाललं असतं, पण वहिनीनं करावं हे तिला सहन झालं नाही. नणंदेचा न्याय असाच असतो. तिनं वाटी उचलली. "थांब, मी बघते."

आत गॅसपाशी दादाचं गाळलेल्या रसाचं पातेलं होतं. दादा बरण्या पुसत होता, वहिनी साखर मोजत पाठमोरी होती. "दादा, तुझ्या शर्टावर डाग पडला बघ," ताई म्हणाली. दादानं मान खाली घालून शर्ट पाहिला. तेवढ्यात वाटीतलं लिंबू दादाच्या पातेल्यात गेलं होतं.

"कुठंय डाग?"

"नाहीये का? मग सावली असेल."

*

दादाला रस पाहून पहिल्यांदा आश्चर्य वाटलं. गढूळ आंबट पाणी निघेल अशी त्याची अपेक्षा होती. पण त्याच्या फडक्यातून गळला तो रस लाल होता आणि इतका नितळ, की पेला खिडकीशी धरल्यावर त्यातून पलीकडच्या छपराची कौलं दिसली. काच हा त्याचा धंदा होता. पेला जरा तिरका धरून त्यानं पुन्हा पाहिलं.

"काय बघताय एवढं?" वहिनी म्हणाली.

"काही नाही. स्वच्छ आहे, नाही?"

"आंबट आहे. मी चाखला. घाला साखर आणि उरका."

त्यानं साखर घातली. रस तापला, कडेनं बुडबुडे आले, मग मधोमध फेस वर चढला. दादानं चमच्यानं फेस काढला. परत आला, परत काढला. कपाळावरचा घाम बाहीनं पुसला आणि चष्मा काढून ठेवला, कारण वाफेनं तो धुरकट होत होता. आता तो पातेल्यावर असा वाकला होता, की मागे वहिनी उभी आहे हे तो विसरला.

वहिनीला ती पाठ ओळखीची होती. दुकानात एखादी बारीक फ्रेम जुळवताना त्याची पाठ अशी व्हायची, आणि मग रात्रीचं जेवणसुद्धा गार व्हायचं. ती घाबरली. तो चमचा धुवायला वळला तेव्हा तिनं पेलाभर पाणी पातेल्यात ओतलं.

दादा परत आला, पातेल्यात बघितलं, भुवया आक्रसल्या. "उकळी बसली," म्हणाला, आणि गॅस मोठा केला.

"जळेल."

"नाही जळत."

"अहो, इतकं मन लावून करायची गरज आहे का?" ती अगदी त्याच्या कानाशी आली. "काय ठरलं होतं आपलं?"

"ठरलंय ते ठरलंयच. कच्च्याची जमणार आहे का? पण जमत नाही म्हणून वाईट करायची, असं थोडंच आहे?"

 लग्नाला इतकी वर्षं झाली होती आणि या माणसाचं हे एक कोडं तिला अजून सुटलं नव्हतं.

त्यानं गार बशी काढली. चमच्यातून एक थेंब टाकला. वाट पाहिली. मग बोट टेकवून हळूच ढकलला, आणि थेंबाच्या पाठीवर बारीक रेघा उमटल्या, झोपून उठलेल्या गालावर उशीच्या उमटतात तशा.

"सुरकुती पडली," दादा मोठ्यानं म्हणाला. "ताई, बारक्या, हे बघा, सुरकुती पडली." आनंदानं तो मागे वळला, आणि वहिनीचा चेहरा पाहिल्यावर त्याला आपण काय म्हणालो ते कळलं.

ताईनं आणि बारक्यानं बशी पाहिली. दोघांचेही चेहरे इतके गंभीर होते की दादाला वाटलं, यांना हेवा वाटतोय.

बरण्या भरल्या गेल्या. मोठ्या पातेल्यात तळाशी फडकं घालून त्या पाण्यात उकळल्या. मग टेबलावर वर्तमानपत्रावर ओळीनं गार व्हायला ठेवल्या, आणि सगळी जेवली. जेवताना मधूनच, गार होत घट्ट बसणाऱ्या एकेका झाकणाचा टक् असा आवाज येत होता. प्रत्येक आवाजाला वहिनीचा घास हातात थांबायचा.

*

ऊन उतरल्यावर आईनं टेबलाशी खुर्ची ओढून घेतली. असा मजेदार दिवस तिला बऱ्याच दिवसांत मिळाला नव्हता. तिनं डाव्या हातानं पहिली बरणी उचलली आणि तिरपी केली. ती बारक्याची होती. आतलं सगळं एका बाजूला धावलं.

"हे पेल्यात घालून पी," ती म्हणाली.

"सरबत म्हणून बरं आहे," बारक्या म्हणाला. त्यानं कोपरापर्यंत हात धुतले होते तरी ते जांभळेच होते, आणि ते त्यानं टेबलाखाली ठेवले होते.

ताईच्या बरणीतला रस सावकाश, मधासारखा कलला. "पाक छान झालाय," आई म्हणाली. ताईनं मान खाली घातली. चांगल्या कामाचं कौतुक ऐकायची सवय असलेल्या बाईला हे ऐकणं सोपं नव्हतं.

मग आईनं दादाची बरणी घेतली, झाकण काढायला बारक्याला दिलं, आणि स्वच्छ टेबलक्लॉथवर ती सरळ उलटी धरली. वहिनीनं डोळे मिटले. काही पडलं नाही. जेली जागची हलली नाही. खिडकीतून आलेलं ऊन तिच्यातून गेलं आणि टेबलक्लॉथवर लाल वर्तुळ पडलं.

"तर ठरलं," आई म्हणाली. "सूनबाई, माझी झोपायची व्यवस्था कुठं?"

वहिनीनं डोळे उघडले. "लहान खोलीत, आई."

"मला पहाटे पाचला रेडिओ लागतो."

"लावा ना."

"जरा मोठ्यानं लागतो. आणि खिडकीत बसायची सवय आहे मला. येणारे-जाणारे दिसतात. फोन कुठं असतो तुमच्याकडे?"

"फोन आता सगळ्यांच्या हातातच असतात, आई."

"हो, पण बोलतात कुठं उभं राहून?"

ताईनं एकदम आईकडे पाहिलं. आईनं तिच्याकडे पाहिलं नाही. वहिनीचा चेहरा असा झाला होता की आईला तिची थोडी दया आली. आता पुरे, असं तिनं ठरवलं. बोलायचं काय ते तिचं आठवडाभर तयार होतं. ते एक-दोन वाक्यांत बोलायचं, तिघांची तोंडं बघायची, आणि विषय संपवायचा.

पण दादा बोलायला लागला.

"लहान खोलीत कपाटं आहेत," तो म्हणाला. "ती बाहेर काढावी लागतील. एक तर हॉलमध्ये जाईल. पलंग भिंतीला नको, खिडकीला लावू. सकाळी तिथं ऊन येतं. तुझ्या हाताला बरं." तो बरणीकडे बघत होता. "न्हाणीघरात धरायला दांडा लावून घेतो, उद्याच. आणि रेडिओचं काय, मीही पाचलाच उठतो. मला कुणीच नसतं बोलायला तेव्हा."

  हे आईच्या योजनेत नव्हतं. तो थट्टा करतोय का, हे तिनं निरखून पाहिलं. तो थट्टा करत नव्हता. त्याला करता आलीच नसती.

"अहो," वहिनी म्हणाली. मग एकदम आईकडे वळली. तिनं बोलून टाकलं. "आई, यांनी कच्च्या तुती मुद्दाम घेतल्या होत्या. जमू नये म्हणून. यांनी नाही, मी सांगितलं होतं. मी पातेल्यात पाणीसुद्धा ओतलं."

"पाणी?" दादा म्हणाला. "तरीच उकळी बसली."

"मी फडकं पिळलं," बारक्या म्हणाला, आणि पुरावा म्हणून हात टेबलावर ठेवले.

ताईला आता गप्प बसणं शक्य नव्हतं. "मी लिंबू घातलं नाही. म्हणजे घातलं. पण दादाच्या पातेल्यात."

"माझ्या?" दादानं तिघांकडे एकेक करून पाहिलं. आई नको म्हणून सगळ्यांनी काय काय केलं, याचं त्याला काही वाटलं नसावं. त्याला लागलं ते वेगळंच. "म्हणजे ही जेली माझी नाहीच? तुझ्या लिंबानं जमली?"

"तुझीच आहे," आई म्हणाली. "लिंबू नसतं तरी जमली असती. धरायचा गुण कच्च्यातच असतो. पिकलेल्यात चव असते, पण ती एकटी पळते. म्हणून दरवर्षी मी थोड्या लाल घालतेच. सकाळी तुझी टोपली पाहिली तेव्हाच कळलं होतं मला, कोण जिंकणार ते."

"मग तू सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं असतं तर तू काळ्या घेतल्या असत्यास."

बारक्या हसला, मग कुणीच हसत नाही म्हणून थांबला. काहीतरी करायला हवं म्हणून तो उठला आणि दाराशी जाऊन बॅग उचलली. ती इतक्या सहज उचलली गेली की त्याचा तोल गेला. त्यानं चेन उघडली. आत एक उशी होती. तिच्याखाली दुसरी उशी होती.

"आई," तो म्हणाला, "हे कायमचं सामान?"

"कुठं जायचंय मला?" आई म्हणाली. "समोरची खोली मी भाड्यानं दिलीय. उद्यापासून एक नर्स येतेय राहायला. रात्री घरात कुणीतरी असेल, आणि तिला हॉस्पिटल जवळ पडेल."

"कुठलं हॉस्पिटल?" ताईनं विचारलं. मग तिला कळलं. "माझ्या वॉर्डातली?"

"तूच तिचं कौतुक करत होतीस फोनवर. शांत आहे, हात हलका आहे, खोली शोधतेय. मी वॉर्डात फोन लावून बोलले तिच्याशी."

ताईनं कपाळाला हात लावला. आता वॉर्डातलं सगळं आईला रोजच्या रोज कळणार होतं. पण तिच्या मनात दुसरंच आलं होतं. "त्या दिवशी जिन्यात मी दादाशी बोलले," ती हळू आवाजात म्हणाली, "ते ऐकलंस तू."

"ऐकलं."

"वाईट वाटलं असेल."

"वाटलं," आई म्हणाली. "का नाही वाटणार? मग विचार केला, की तुमच्यापैकी कुणाकडे मला जावंसं वाटतंय का. तर कुणाकडेच नाही. तुझ्याकडे मला तीन जिने चढायचे नाहीत. बारक्याच्या कुत्र्याचं तोंड मला बघवत नाही. मग माझं तुमच्यापेक्षा काय वेगळं होतं? फक्त तुम्ही 'चल' म्हणत राहायचं आणि मी 'बघू' म्हणत राहायचं, याचा कंटाळा आला होता. आता कुणी मला 'चल' म्हणणार नाही."

यावर बारक्यानं सगळ्यांच्या वतीनं मान हलवली. ताई उठून आईच्या खुर्चीमागे गेली आणि तिची सुटलेली वेणी घालायला लागली. एका हातानं आईला ती घालता येत नव्हती, आणि गेला महिनाभर हे कुणाच्या लक्षात आलं नव्हतं.

"मी म्हणणार," दादा म्हणाला.

"काय?"

"चल, असं. मी खोलीचं खरं बोलत होतो." त्यानं वहिनीकडे पाहिलं नाही. धाडस करायचं असेल तेव्हा तो नेहमीच समोर बघून बोलायचा. "आता नाही तर नाही. पण मी म्हणणार."

आईनं त्याच्याकडे पाहिलं. तिच्या सगळ्या मुलांमध्ये हा एकच असा होता की त्याच्या पोटातलं तिला कधी चोरूनही ऐकता आलं नाही. तो बोलायचाच नाही. आज बोलला, तर ते सगळ्यांसमोर.

"प्लास्टर निघाल्यावर दोन दिवस येईन," ती म्हणाली. "राहायला नाही. पाहुणी म्हणून. सूनबाई बोलावेल तर."

वहिनीनं टेबलावरचे चमचे गोळा केले आणि ती ते धुवायला आत गेली.

*

बरण्या डिकीत ठेवायला दादा तयार नव्हता, म्हणून त्या वहिनीच्या मांडीवर आल्या. वर्तमानपत्रात गुंडाळलेल्या, अजून किंचित कोमट. दादा नेहमीपेक्षा हळू गाडी चालवत होता. 

मोठ्या चौकात लाल दिव्याला गाडी थांबली. वहिनीनं वरच्या बरणीचा कागद सोडला. झाकण घट्ट होतं. तिनं ते पदरात धरून फिरवलं तेव्हा फट् असा आवाज झाला. तिनं करंगळी बुडवली आणि चाखली.

"आंबट आहे," ती म्हणाली.

"असणारच."

तिनं परत बोट बुडवलं. आंबट होती, पण ते आंबट जिभेवर थोडा वेळ थांबून मग गोड होत होतं. दुसऱ्यांदा ते तिला जास्त कळलं. तिच्या आईला शेवटी शेवटी गोड काहीच चालत नसे. आंबट काहीतरी दे, म्हणायची. त्या खोलीतलं हे एवढं एक आठवून तिला रडू आलं नाही, याचं तिला नवल वाटलं.

"मी पाणी ओतलं तरी बिघडली नाही," ती म्हणाली.

"मी गॅस मोठा केला."

"बघितलं मी."

दिवा हिरवा झाला. मागच्या गाडीनं भोंगा वाजवला तरी दादा एक क्षण तिच्याकडे पाहत राहिला, कारण तिनं तिसऱ्यांदा बोट बुडवलं होतं.

"चला," ती म्हणाली. आणि गाडी चौक ओलांडून गेल्यावर, खिडकीबाहेर बघत, वाण्याकडून काय आणायचं तेच सांगत असल्यासारखं, "ते मोठं कपाट आपल्या दोघांच्यानं हलायचं नाही. पुढच्या रविवारी बारक्याला बोलवा."